तारामतीची भूमिका आणि मोखाड्याच्या मुली

होळी पेटून गेली, की जव्हार-मोखाड्याच्या डोंगरपट्टीत गावोगावी बोहाड्याचे दिवस येतात. दिवसभर उन्हाने तापलेल्या गावठाणात रात्री मशाली पेटतात, संबळाचा ठेका धरला जातो, आणि माणसांच्या दुतर्फा रांगांमधून एकेक सोंग नाचत पुढे येते: आरंभी गणपती आणि शारदा, मागून रामायण-महाभारतातील वीर आणि राक्षस, आणि सरतेशेवटी, उजाडण्याच्या सुमारास, महिषासुराचे पारिपत्य करणारी जगदंबा. कागदाच्या लगद्याचे किंवा लाकडाचे, भडक रंगांनी रंगविलेले ते अवजड मुखवटे तोंडावर आवळून बांधलेले असतात. लहानशा भोकांतून वाट दिसेल तेवढीच दिसते. घाम मानेवरून ओघळत असतो. तरीही नाचणाऱ्याचे पाऊल ठेक्याला चुकत नाही. कोणते सोंग कोणत्या घराने आणावयाचे याचा मान पुष्कळ ठिकाणी पिढीजात चालत आलेला आहे, आणि तो राखण्यासाठी हातावर पोट असलेला माणूसही आनंदाने पदरमोड करतो. लोकांनी स्वतःच्या हिमतीवर सांभाळलेल्या या नाट्यपरंपरेचा अभिमान सबंध मराठी मुलखाला वाटावा, एवढी तिची योग्यता आहे.

या परंपरेत जगदंबेच्या मुखवट्याआड पुरुष असतो, आणि शारदेच्या मुखवट्याआडही पुरुषच असतो. चैत्र-वैशाखात विहिरीचा तळ गाठून, डोक्यावर हंड्यावर हंडा रचून चढण चढलेली बाई रात्री लेकराला मांडीवर घेऊन देवीचे सोंग पाहावयास बसते. ज्या शक्तीचा तो जागर, ती शक्ती दिवसभर तिच्याच अंगी राबलेली असते. परंतु सोंग घेण्याचा मान तिच्याकडे आलेला नाही. हे लिहिताना बोहाड्याला दूषण देण्याचा माझा लेशमात्र हेतू नाही. शहरांतील सुशिक्षितांची रंगभूमी शतकभरापूर्वी याहून निराळी नव्हती, आणि तेथील स्थिती कशी पालटली याचा वृत्तांत एका थोर अभिनेत्रीच्या चरित्रात इतक्या स्पष्टपणे उमटलेला आहे, की जव्हार-मोखाड्याच्या मुलींचा विचार करताना तो डोळ्यांपुढे ठेवणे मला अगत्याचे वाटते. ती अभिनेत्री म्हणजे दुर्गा खोटे.

1913 साली दादासाहेब फाळके यांनी 'राजा हरिश्चंद्र' हा चित्रपट काढला, तेव्हा तारामतीच्या भूमिकेसाठी त्यांनी पुष्कळ शोध करूनही एकही स्त्री तयार झाली नाही, आणि अखेर एका उपाहारगृहात काम करणाऱ्या अण्णा साळुंके या तरुणाला लुगडे नेसवून त्यांना आपले काम भागवावे लागले. त्याच वर्षी 'मोहिनी भस्मासुर' या त्यांच्या दुसऱ्या चित्रपटात दुर्गाबाई कामत आणि त्यांची कन्या कमलाबाई या मायलेकींनी काम करून ती कोंडी प्रथम फोडली. त्याबद्दल समाजाने त्यांना कसे वागविले, हे जाणणारा कोणीही त्यांचे नाव आदराखेरीज उच्चारणार नाही. त्यांच्याही आधी तमाशाच्या फडांतून आणि कलावंत घराण्यांतून स्त्रिया लोकांसमोर उभ्या राहत होत्या, आणि त्यांच्या कलेवर लुब्ध होणारा समाज त्यांना घराच्या उंबरठ्याबाहेरच ठेवीत होता. दुर्गाबाई खोट्यांचे मोठेपण सांगताना या पूर्वसूरी स्त्रियांचे ऋण विसरणे हा कृतघ्नपणा होईल.

फाळक्यांच्या त्या शोधानंतर एकोणीस वर्षांनी, 1932 साली, प्रभात कंपनीने आपला पहिला बोलपट 'अयोध्येचा राजा' काढला. कथा तीच, हरिश्चंद्राची. परंतु या वेळी तारामती झाली ती कॅथीड्रल शाळेत आणि सेंट झेवियर्स महाविद्यालयात शिकलेली, मुंबईतील एका नामांकित सॉलिसिटरची कन्या. पार्श्वगायनाची सोय तेव्हा नव्हती. पात्राने उभ्या जागी, यंत्रासमोर, स्वतःच्या गळ्याने गावे, अशी रीत होती, आणि समोर हरिश्चंद्र म्हणून गोविंदराव टेंब्यांसारखा कसलेला संगीतज्ञ उभा होता. ज्या भूमिकेसाठी उभ्या मुंबईत स्त्री मिळाली नव्हती, ती भूमिका एका सुशिक्षित गृहिणीने अशा कसोटीवर पार पाडली, आणि मराठी प्रेक्षकाने ती डोक्यावर घेतली.

हे स्थित्यंतर आपोआप घडले नाही. दुर्गाबाईंचा जन्म 14 जानेवारी 1905 चा. माहेरचे आडनाव लाड. लाडांच्या सधन घरातून त्या खोट्यांच्या तशाच सधन घरात आल्या, परंतु सासरच्या वैभवाला लवकरच उतरती कळा लागली, आणि दोन लहान मुलांच्या भवितव्याची काळजी त्यांच्या शिरावर आली. ऐन तारुण्यात वैधव्यही त्यांच्या वाट्याला आले. 1931 साली 'फरेबी जाल' या चित्रपटात त्यांनी पहिली लहानशी भूमिका केली. तो चित्रपट हिणकस निघाला, आणि प्रतिष्ठित घरातील बाईने असल्या धंद्यात पाऊल टाकावे याबद्दल आप्तेष्टांपासून परक्यांपर्यंत सर्वांनी त्यांना धारेवर धरले. तेवढ्याने खचून त्या घरी बसल्या असत्या तर त्यांना कोणी दोष दिला नसता. पण त्याच चित्रपटाने प्रभातचे दिग्दर्शक शांतारामबापू यांचे लक्ष त्यांच्याकडे वेधले, आणि कोल्हापूरच्या प्रभातच्या आवारात त्यांना तालीम मिळाली, शिस्त मिळाली, आणि कामाचा रोख मोबदला मिळाला.

त्यानंतरचा त्यांचा प्रवास विस्मयकारक आहे. 'माया मच्छिंद्र' झाला. कलकत्त्यास देवकी बोस यांच्या दिग्दर्शनाखाली 'सीता' झाला. 1936 च्या 'अमर ज्योती'मध्ये, अन्यायी कायद्याने पोटचे मूल हिरावून घेतले म्हणून राज्यसत्तेविरुद्ध शस्त्र उपसणारी आणि समुद्रावर चाचेगिरी करणारी सौदामिनी त्यांनी उभी केली. हिंदुस्थानच्या चित्रपटात तोवर रडणारी स्त्री पुष्कळ दिसली होती. जाब विचारणारी स्त्री एवढ्या ताकदीने क्वचितच दिसली होती. 1941 साली अत्र्यांच्या 'पायाची दासी'मध्ये त्यांनी खाष्ट सासू रंगविली. 1960 च्या 'मुघल-ए-आझम'मध्ये बादशहा आणि युवराज यांच्यामध्ये होरपळणारी जोधाबाई त्यांनी साकारली, तेव्हा पतीची मर्यादा आणि पुत्राची माया यांचे द्वंद्व त्यांच्या चेहऱ्यावर संवादाआधी वाचता येत होते. 1974 च्या 'बिदाई'च्या वेळीही, म्हणजे चार दशकांहून अधिक काळानंतर, त्या पडद्यावर होत्या, आणि त्या चित्रपटानेही त्यांना फिल्मफेअरचे पारितोषिक मिळवून दिले.

पडद्यावर एवढे यश मिळाल्यावर रंगभूमीचे कष्ट पत्करण्याची त्यांना गरज नव्हती. तरीही मुंबई मराठी साहित्य संघाच्या रंगमंचावर त्या निष्ठेने उभ्या राहिल्या. खाडिलकरांच्या 'भाऊबंदकी'तील आनंदीबाई, आणि मॅक्बेथच्या कथेवरून शिरवाडकरांनी लिहिलेल्या 'राजमुकुट'मधील महत्त्वाकांक्षी पत्नी या त्यांच्या भूमिका जाणकारांच्या स्मरणात राहिल्या. नानासाहेब फाटकांसारख्या नटश्रेष्ठासमोर तोलामोलाने उभे राहणे हे येरागबाळ्याचे काम नव्हते. 1958 साली संगीत नाटक अकादमीच्या पुरस्काराने, 1968 साली पद्मश्रीने, आणि 1983 साली दादासाहेब फाळके पुरस्काराने त्यांचा गौरव झाला. तारामतीसाठी स्त्री मिळत नाही म्हणून हताश झालेल्या त्या आद्य निर्मात्याच्या नावाचा पुरस्कार तारामती साकारणाऱ्या स्त्रीला मिळावा, यात सत्तर वर्षांचा सामाजिक इतिहास सामावलेला आहे. उत्तरायुष्यात त्यांनी स्वतःची निर्मितिसंस्था चालविली, 'मी, दुर्गा खोटे' हे आत्मचरित्र लिहिले, आणि 22 सप्टेंबर 1991 रोजी त्यांचे निधन झाले.

या चरित्रातून पुष्कळ लोक एवढाच बोध घेतात, की अंगी गुण असला म्हणजे सर्व अडथळे दूर होतात. हा बोध मला अपुरा, किंबहुना दिशाभूल करणारा वाटतो. दुर्गाबाईंच्या अंगी गुण होता, धैर्य होते, यात शंका नाही. परंतु मुलीला इंग्रजी शाळेत घालणारे माहेर होते, पाठांतर आणि वाचा शुद्ध करणारे शिक्षण होते, तालीम देणारी कंपनी होती, श्रमाचे दाम देणारा व्यवसाय होता, आणि ही सर्व ठिकाणे रेल्वेच्या रुळांनी एकमेकांस जोडलेली होती. त्यांच्या घरात सून म्हणून आलेल्या विजया जयवंत यांनी, म्हणजेच पुढे विजया मेहता या नावाने विख्यात झालेल्या दिग्दर्शिकेने, 'रंगायन'द्वारे मराठी नाटकाला नवे वळण दिले, हेही ध्यानात घेण्यासारखे आहे. दार एकदा उघडले म्हणजे पुढची पिढी त्यातून सहज आत येते. मात्र ज्यांच्या वस्तीपर्यंत ते दारच पोहोचलेले नाही, त्यांच्या गुणांची वार्ताही कोणाला लागत नाही. गुण देव सर्वत्र वाटतो. वाट मात्र माणसांनी बांधावी लागते, आणि माझा सारा आग्रह त्या वाटेविषयी आहे.

जव्हार-मोखाड्यात गुण नाहीत, असे कोण म्हणेल? वारली समाजात धवलेरी ही स्त्री लग्नविधी चालविते. ती गाणी म्हणते, विधींचा क्रम सांभाळते, आणि तिच्या वाणीवाचून लग्न लागत नाही. प्रदीर्घ गीते मुखोद्गत ठेवणे, प्रसंगानुसार स्वर चढवणे-उतरवणे, मांडवातल्या सर्व माणसांचे चित्त आपल्याकडे खिळवून ठेवणे, हे सामर्थ्य अभिनयाच्या शिक्षणात वर्षानुवर्षे घोटावे लागते. येथे ते आजीकडून नातीकडे बोलता बोलता उतरते. भोपळ्याच्या आणि बांबूच्या तारप्यावर सूर धरला, की बाया एकमेकींच्या कमरेला हात घालून वर्तुळात नाचू लागतात; वाजविणाऱ्याने सूर पालटला की साऱ्या जणींचे पाऊल त्याच क्षणी पालटते. नाटकमंडळ्या ज्याला सांघिक अभिनय म्हणतात त्याचा पाया तो हाच. ज्या मुलीने लहानपणापासून हे पाहिले, ऐकले आणि केले आहे, तिची अर्धी तालीम शाळेत येण्यापूर्वीच झालेली असते.

असे असूनही आदिवासी स्त्रीची कथा पडद्यावर आली तेव्हा ती बहुधा इतरांच्या तोंडून आली. 1977 सालचा 'जैत रे जैत' हा गो. नी. दांडेकरांच्या कादंबरीवरील चित्रपट ठाकरवाडीचे जीवन दाखवितो, आणि 1980 सालचा 'आक्रोश' अन्यायाने चिरडलेल्या आदिवासी कुटुंबाचे. दोन्हींत स्मिता पाटील यांनी आदिवासी स्त्री रंगविली, आणि ती इतक्या समरसतेने रंगविली की त्या भूमिका मराठी माणसाच्या अंतःकरणात कायमच्या घर करून राहिल्या. स्मिताबाईंच्या कलेविषयी माझ्या मनात नितांत आदर आहे, आणि नटाने केवळ आपल्या जातीजमातीचीच भूमिका करावी असे म्हणणे म्हणजे अभिनयकलेलाच नकार देणे होय. तथापि या व्यवहाराची दुसरी बाजू रिकामी राहिली. पुण्या-मुंबईची मुलगी ठाकरीण होऊ शकते, हे आपण कौतुकाने पाहिले; मोखाड्याची मुलगी आनंदीबाई होऊ शकेल, जोधाबाई होऊ शकेल, याची कल्पना आपण करून पाहिलेली नाही. जव्हारच्या जयविलास राजवाड्यात चित्रीकरणे होत आली. त्या दगडी भिंती, ती गर्द वनराई पडद्यावर झळकली. ज्या मुलखाची पार्श्वभूमी चित्रपटाला चालते, त्या मुलखातील माणसांनाही पुढे येऊन उभे राहण्याचा हक्क आहे.

या मार्गातील अडथळे काय आहेत, ते या दोन तालुक्यांत राहणाऱ्या कोणालाही सांगावयास नको. भात, नागली आणि वरई यांचे पीक हाती आले, की दिवाळीनंतर कुटुंबेच्या कुटुंबे भिवंडी-वसईकडच्या वीटभट्ट्यांवर आणि बांधकामांवर निघतात. मागे राहतात ती म्हातारी माणसे, आणि बरोबर जाते ती धाकट्या भावंडाला सांभाळणारी मुलगी. पावसाळ्याच्या तोंडाशी ती परत येते तेव्हा शाळेचे वर्ष संपलेले असते. जी मुलगी आश्रमशाळेच्या वसतिगृहात टिकते, तिला स्नेहसंमेलनात चित्रपटातील गाण्यावर चार मिनिटे नाचावयास मिळते, आणि तेवढ्यावर तिच्या कलाशिक्षणाची इतिश्री होते. शंभर वर्षांपूर्वी मुंबईतील मुलीला रंगभूमीपासून लोकापवाद अडवीत होता; आज डोंगरातील मुलीला अंतर, दारिद्र्य आणि व्यवस्थेचे औदासीन्य ही त्रयी अडविते. लोकापवादाशी एकटी स्त्रीही जिद्दीने झुंजू शकते, हे दुर्गाबाईंनी दाखविले. या त्रयीशी मात्र एकट्या मुलीने झुंजावे अशी अपेक्षा धरणे हा निष्ठुरपणा आहे.

यावर एक आक्षेप निश्चित घेतला जाईल, आणि तो घेणारी माणसे या भागाच्या कळवळ्यानेच बोलणारी असतील. 1992 साली जव्हार तालुक्यातील वावर-वांगणीच्या बालमृत्यूंनी सारा महाराष्ट्र हादरला; कुपोषणाचा, पाण्याचा आणि रोजगाराचा प्रश्न अद्याप सुटलेला नाही; अशा ठिकाणी नाटकाची गोष्ट काढणे म्हणजे भुकेल्याला अत्तर लावणे नव्हे काय? हा प्रश्न मी गांभीर्याने घेतो. अन्न, पाणी आणि औषध यांच्या तरतुदीतून एक पैही काढून नाटकाला द्यावी, असे मी सुचवीत नाही. परंतु दुर्गाबाई अभिनयाकडे वळल्या त्या हौसेने नव्हे, चरितार्थासाठी. कला हा त्यांच्या मुलांच्या अन्नाचा मार्ग होता. चित्रपट, मालिका, जाहिराती, ध्वनिमुद्रण यांचा आजचा पसारा त्यांच्या काळाच्या कितीतरी पट मोठा आहे, आणि मुंबई येथून दीडशे किलोमीटरांच्या आसपास आहे. येथील तरुण भट्टीवर विटा वाहावयास त्या वाटेने जाऊ शकतात, तर अंगच्या कलेवर सन्मानाची भाकर मिळवावयासही जाऊ शकतात. आधी पोट, मग कला, हा क्रम गरिबांसाठीच राखून ठेवण्यात एक सूक्ष्म अन्याय आहे. बोहाड्यासाठी पदरमोड करणारा येथला माणूस तो क्रम स्वतः कधी मानीत आलेला नाही.

दुसरी भीती अशी व्यक्त केली जाते, की शहरी नाटकाचा वारा लागला म्हणजे येथील परंपरा नष्ट होईल. परंपरा नष्ट होते ती तिचे वारस पोटासाठी परागंदा झाल्यामुळे, आणि आपल्या वारशाची त्यांना लाज वाटू लागल्यामुळे. ज्या मुलीला नाट्यशिक्षणात आपल्या आजीच्या धवलगीतांचे मोल कळेल, ती ती गीते टाकणार नाही. उलट त्यांची पहिली अभ्यासक तीच होईल. बोहाड्यात स्त्रियांना स्थान द्यावे की कसे, याचा निर्णय मात्र ज्या त्या गावाने, आपल्या पंचांनी आणि मानकऱ्यांनी, आपल्या बायाबापड्यांचे मन विचारून करावा. देवीच्या जागरात कचेरीच्या फर्मानाने ढवळाढवळ होऊ नये, एवढी मर्यादा बाहेरच्यांनी पाळलीच पाहिजे. शासनाने आपल्या हातातले काम करावे, आणि ते काम काही थोडके नाही.

जव्हारला एकात्मिक आदिवासी विकास प्रकल्पाचे कार्यालय आहे, त्याच्या अखत्यारीत आश्रमशाळा आहेत, आणि जिल्हा वार्षिक योजनेत आदिवासी उपयोजनेचा स्वतंत्र निधी असतो. या चौकटीतच पुढील गोष्टी होऊ शकतात. निदान मोठ्या आश्रमशाळांतून नाट्यशिक्षकाची नेमणूक व्हावी, आणि त्यासाठी धवलेरी, तारपावादक आणि मुखवटे घडविणारे कारागीर यांना मानधन देऊन शाळेत शिकविण्यास बोलवावे; कारण या विषयात ते विद्यार्थी नव्हेत, आचार्य आहेत. जव्हार आणि मोखाडा येथे मुलींच्या तालमीसाठी हक्काची जागा असावी, आणि तेथून रात्री मुक्कामी परतण्याची सुरक्षित सोय असावी; कारण मुलीची तालीम बंद पडते ती बहुधा संवाद पाठ न झाल्याने नव्हे, शेवटची एसटी निघून गेल्याने. दिल्लीचे राष्ट्रीय नाट्य विद्यालय, मुंबई विद्यापीठाचा नाट्यविभाग, पुणे विद्यापीठाचे ललित कला केंद्र येथे शिकू इच्छिणाऱ्या या तालुक्यांतील मुलींना प्रवेशपरीक्षेच्या तयारीपासून वसतिगृहाच्या खर्चापर्यंत पूर्ण शिष्यवृत्ती मिळावी. आणि जे निर्माते चित्रीकरणासाठी येथे येतात, त्यांनी परवानगीच्या अर्जासोबत स्थानिक मुलामुलींना पात्रांसाठी आणि पडद्यामागील कामांसाठी घेण्याची हमी द्यावी, अशी अट तालुक्याच्या दप्तरी नोंदली जावी.

यांपैकी कोणत्याही गोष्टीला डोंगराएवढा पैसा लागत नाही. लागते ती हा विषय किरकोळ नाही अशी मनोधारणा. दुर्गाबाई खोट्यांच्या पुरस्कारांचा आपण उल्लेख करतो, त्यांचे चित्रपट पुन्हा पाहतो, आणि त्या एकमेवाद्वितीय होत्या असे म्हणून थांबतो. त्यांच्या स्मृतीला मान द्यावयाचा असेल, तर त्या ज्या वाटेने रंगभूमीवर आल्या ती वाट आणखी पुढे, घाट चढून वर, आणली पाहिजे. जिल्हा नियोजन समितीच्या पुढील आराखड्यात जव्हार-मोखाड्याच्या मुलींच्या नाट्यशिक्षणासाठी स्वतंत्र शीर्षाखाली तरतूद व्हावी, ही मागणी येथील लोकप्रतिनिधींनी, शिक्षकांनी आणि पालकांनी एकमुखाने करावी, आणि ती मंजूर होईपर्यंत सोडू नये.